आठशे पौंडांना गुण नाहीत
पीळदार : लेखांक ११

शरीरसौष्ठवातलं सहावं मिस्टर ऑलिम्पिया घेऊन डोरियन येट्स निवृत्त झाला, तिथं आपण मागच्या आठवड्यात थांबलो होतो. गादी रिकामी. १९९८ची स्पर्धा न्यूयॉर्कच्या मॅडिसन स्क्वेअर गार्डनमध्ये होणार होती आणि वारसदार म्हणून फ्लेक्स व्हीलर, नासर एल सोनबाती, केव्हिन लेव्हरोन, शॉन रे अशी नावं चर्चेत होती. रॉनी कोलमनला कुणी धरलंच नव्हतं, आणि त्यात कुणाचं चुकलंही नव्हतं. १९९२ला ऑलिम्पियात त्याला क्रमांकच मिळाला नव्हता. १९९४ला पंधरावा, मग अकरावा, मग सहावा आणि १९९७ला पुन्हा घसरून नववा. वय चौतीस. पोट पोलिसातल्या नोकरीवर. अशा माणसाला 'होतकरू' म्हणायचंही वय उलटून गेलेलं असतं.

त्या रात्री शेवटी दोघंच उरले, कोलमन आणि व्हीलर. दुसऱ्या क्रमांकाला व्हीलरचं नाव पुकारलं गेलं आणि कोलमन स्टेजवरच कोसळला. बक्षीस एक लाख दहा हजार डॉलर. आणि युजीन सँडोचा पुतळा, म्हणजे आपल्याकडे ज्याचं नाव बनियनला चिकटून राहिलं तोच सँडो. एवढं होऊनही कोलमननं पोलिसातली नोकरी सोडली नाही. ती पूर्ण वेळ २००० सालापर्यंत चालूच राहिली.

नववा माणूस एका वर्षात पहिला कसा होतो, हे समजून घ्यायचं तर थोडं मागं जाऊ. कोलमनचा जन्म १९६४चा, अमेरिकेतल्या लुइझियाना राज्यातला. आईनं एकटीनं वाढवलेल्या चार भावंडांत हा थोरला. ग्रॅम्बलिंग स्टेट विद्यापीठात अमेरिकन फुटबॉल खेळला आणि अकाउंटिंगची पदवी घेतली. पदवी चांगल्या गुणांची, पण हिशेबनिसाची नोकरी काही मिळेना. टेक्सासमध्ये येऊन डॉमिनोजमध्ये पिझ्झाचं काम धरलं. १९८९ला आर्लिंग्टन शहराच्या पोलिसात भरती झाला. तिथल्या एका सहकाऱ्यानं त्याला मेट्रोफ्लेक्स नावाच्या जिममध्ये नेलं. मालक ब्रायन डॉब्सननं त्याचं अंग पाहून तिथंच सौदा केला : तू मिस्टर टेक्सासला उतर, मी तुला तयार करतो आणि जिमची फी आयुष्यभर माफ. १९९०ला कोलमननं मिस्टर टेक्सास जिंकली. त्या स्पर्धेत हरलेल्यांत स्वतः डॉब्सनही होता. १९९१ला पोलंडमध्ये हौशी गटाचं जागतिक विजेतेपद मिळालं आणि व्यावसायिक कार्ड हातात आलं.

म्हणजे मांस आधीपासून होतं. ताकद तर शाळा-कॉलेजातल्या पॉवरलिफ्टिंगपासूनची. १९९७चा नववा कोलमनही जिममध्ये बहुतेकांपेक्षा जास्त वजन मारत होता. मग अडलं कुठं?

आपल्या वाचकांतल्या ज्यांनी 'मुंबई श्री' किंवा 'महाराष्ट्र श्री' पुढच्या रांगेतून पाहिली आहे त्यांना उत्तर माहीत आहे. परीक्षक वजन विचारत नाहीत. स्टेजवर डंबेल नसतात. सैल उभं राहून चारही बाजू दाखवायच्या, मग ठरलेल्या पोझेस : फ्रंट डबल बायसेप, लॅट स्प्रेड, साइड चेस्ट, साइड ट्रायसेप, पाठीकडून पुन्हा डबल बायसेप आणि लॅट स्प्रेड, शेवटी पोट आणि मांड्या. परीक्षक शंभरपैकी गुणही देत नाहीत, क्रमांक लावतात. पहिला म्हणजे एक, दुसरा म्हणजे दोन. टोकाचे आकडे वगळून बेरीज होते आणि ज्याची बेरीज कमी तो जिंकतो. पाहायचं असतं ते तीनच : आकार, प्रमाणबद्धता आणि ज्याला जिममधली पोरं 'कटिंग' म्हणतात ते. कातडीखाली चरबीचा आणि पाण्याचा थर राहिला, तर भलामोठा स्नायूही गोधडीखाली झोपलेल्या माणसासारखा दिसतो. कुणीतरी आहे एवढं कळतं, हातपाय कळत नाहीत.

कोलमनचं अडलं होतं ते इथं. मोठा होता, पण ऐन दिवशी धूसर दिसायचा. त्याला आहारतज्ज्ञ चॅड निकोल्सकडे जायला सांगितलं ते फ्लेक्स व्हीलरनं, म्हणजे ज्याला या सल्ल्यापायी पुढं दुसरा क्रमांक घ्यावा लागला त्यानंच. शरीरसौष्ठवातले मत्सराचे किस्से भरपूर ऐकायला मिळतात. हा मात्र फारसा कुणी सांगत नाही.

निकोल्सनं केलं काय, तर खाण्याची आणि शेवटच्या आठवड्याची घडी बसवली. तत्त्व जुनंच आहे. स्नायूत कर्बोदकं ग्लायकोजेनच्या रूपात साठतात आणि एक ग्रॅम ग्लायकोजेन स्वतःबरोबर अंदाजे तीन ग्रॅम पाणी धरून ठेवतं. काही दिवस भात-बटाटा तोडून साठा रिता करायचा, मग ऐन वेळी भरून घ्यायचा. पाणी स्नायूच्या आत जातं आणि स्नायू फुगून कातडीला भिडतो. सांगायला सोपं, पण बारा तास इकडंतिकडं झाले तर वर्षाची मेहनत पाण्यात, आणि हे अगदी शब्दशः. घाईनं पाणी काढायला लघवी वाढवणारी औषधं घेणं हा याच विद्येचा काळा भाग. १९९२ला मोहम्मद बेनाझिझा हॉलंडमधल्या स्पर्धेनंतर काही तासांत गेला, त्यामागं हेच कारण सांगितलं जातं.

औषधांचा विषय निघालाच आहे, तर तो टाळून पुढं जाणं अप्रामाणिक होईल. ऑलिम्पियानं १९९०ला स्टेरॉइडची चाचणी लावून पाहिली. काही जण सापडले, बरेच जण नेहमीपेक्षा सपाट दिसले आणि पुढच्या वर्षी चाचणी गुंडाळून ठेवली गेली. कोलमननं आपण औषधं घेत होतो, तीही डॉक्टरांच्या चिठ्ठीवर, हे नंतर मुलाखतींतून उघड सांगितलं. त्या स्टेजवर औषधाविना कुणी उभा होता असं मला वाटत नाही. त्यामुळे कोलमन का जिंकला याचं उत्तर औषधांत सापडत नाही. ती पंधराव्याकडेही होती.

१९९८पासून तो सलग आठ वेळा जिंकला, २००५पर्यंत. ली हॅनीच्या विक्रमाची बरोबरी झाली. २००१ला त्यानं अर्नोल्ड क्लासिक आणि ऑलिम्पिया एकाच वर्षी जिंकल्या, तसं आधी कुणाला जमलं नव्हतं. १९९८ला स्टेजवर त्याचं वजन २४९ पौंडांच्या आसपास होतं, २००३ला २८७, म्हणजे १३० किलो, आणि तेही जवळपास चरबी नसलेलं. परीक्षकांनी पाठ फिरवायला सांगितली की स्पर्धा संपल्यातच जमा असायची. २००४ला वजन आणखी वाढलं तेव्हा पोटही पुढं आलेलं दिसत होतं. मला विचाराल तर १९९८ आणि २००१चा कोलमन पाहावा. पुढचा कोलमन थक्क करतो, डोळ्यांना सुख देत नाही.

या काळातले त्याच्या सरावाचे व्हिडिओ आजही आपल्याकडची पोरं सेट मारण्याआधी पाहतात. मेट्रोफ्लेक्समध्ये एसी नाही, बाहेर टेक्सासचं ऊन. सकाळी अंड्याचा पांढरा भाग आणि चीज घातलेल्या मक्याच्या कण्या, नंतर डब्यातलं चिकन. दोन हातांत २००-२०० पौंडांचे डंबेल घेऊन बेंचवर. लेग प्रेसवर २३०० पौंड, आठ रॅप, म्हणजे आठ वेळा. खांद्यावर बार घेऊन पार्किंगमध्ये लंजेस. मग ८०० पौंडांचा, म्हणजे ३६३ किलोंचा स्क्वॉट. कमरेला पट्टा, गुडघ्यांना गुंडाळलेल्या पट्ट्या, बार दोन्ही टोकांना वाकलेला. स्वतःलाच ओरडून सांगतो, 'लाइट वेट, बेबी!', आणि खाली जातो. एक. दोन. बार रॅकवर.

या दोन रॅपना ऑलिम्पियात शून्य किंमत होती. स्नायू वाढायला वजन हवंच, पण ते अमुकच हवं असं नाही. सेट दमछाकीच्या टोकापर्यंत नेला तर बऱ्याच हलक्या वजनावरही जवळपास तेवढीच वाढ होते, हे अलीकडच्या अभ्यासांतून पुन्हा पुन्हा दिसलं आहे. कोलमनला हेवी मारायला आवडायचं, इतकंच. १९९६ला स्क्वॉट मारताना पाठीत आवाज झाला होता, मणक्यातली चकती सरकली होती. त्यानंतर दोन वर्षांनी तो पहिल्यांदा ऑलिम्पिया जिंकला, हे विसरून चालणार नाही.

हिशेब चुकता झाला तोही स्टेजवरच. २००६ला त्याच पाठीचा एका बाजूचा लॅट दुसऱ्या बाजूपेक्षा बारीक दिसत होता. मणक्यात नस दाबली गेली की तिच्या ताब्यातला स्नायू कितीही घाम गाळला तरी वाळत जातो. ज्या पोझवर तो आठ वर्षं जिंकला, त्याच पोझमध्ये उणं दिसलं. जे कटलर पहिला, कोलमन दुसरा. २००७ला चौथा, आणि निवृत्ती. त्याच वर्षाअखेरीस पाठीचं पहिलं ऑपरेशन झालं. पुढं मणक्यांच्या जोडण्या, २०१४ला दोन्ही खुबे बदलले, मणक्यात बसवलेले स्क्रूही मोडले. ऑपरेशनांची संख्या डझनावर गेली. आधी कुबड्या, मग व्हीलचेअर. जिमला जाणं मात्र थांबलं नाही.

पश्चात्ताप होतो का, हे त्याला मुलाखतींत हमखास विचारलं जातं. होतो, असं तो सांगतो, एकाच गोष्टीचा. त्या दिवशी ८०० पौंडांच्या आणखी दोन रॅप निघाल्या असत्या. चार मारायला हव्या होत्या.

(पुढील आठवड्यात : २००१, २००३, २००४ आणि २००५ला कोलमनच्या मागं दुसरा राहून २००६ला त्याला हरवणारा जे कटलर.)