कालव्याचें दार आणि संगणकाची भिंत

१८७६-७७ च्या दुष्काळानंतर बांधलेला नीरा डावा कालवा बारामती व इंदापूर तालुक्यांतून वाहतो. चारीच्या तोंडाशीं दार असतें. तें कोणासाठीं, केव्हां व किती उघडावयाचें, हें पाटकरी पाहतो. संगणकांच्या जाळ्यांत हेंच काम फायरवॉल, म्हणजे आग थोपविणारी भिंत, करते. येणारा-जाणारा मजकूर तपासून नियमांत बसेल तेवढाच ती पुढें सोडते.

पूर्वीं याकरितां बहुधा निराळें यंत्र घ्यावें लागे. आतां एकाच बळकट संगणकावर अनेक आभासी संगणक चालवितां येतात. त्यांना स्मृति व साठवणीची जागा वांटून देणारा कारभारी तो हायपरवायझर. २००७ मध्यें लिनक्सच्या गाभ्यांतच केव्हीएम नांवाचा असा कारभारी समाविष्ट झाला. फायरवॉलचा कर्ता तयार यंत्राच्या चकतीची हुबेहूब प्रत, म्हणजे डिस्क इमेज, एका फायलींत देतो. ती उतरवून घ्यावी. तिचा आंकडेरूप ठसा कर्त्यानें प्रसिद्ध केलेल्या ठशाशीं ताडून पाहावा. एक जोडणी बाहेरच्या जाळ्याकडे व दुसरी कचेरीकडे देऊन यंत्र सुरू करावें. थोड्याच वेळांत भिंत उभी राहते.

परंतु खरें काम येथूनच सुरू होतें. छापील पुस्तकाप्रमाणें या फायलीच्या सर्व प्रती सारख्या असतात. पहिला पासवर्डहि पुष्कळदां एकच, आणि तो माहितीपत्रकांत छापलेला. म्हणून प्रथम तो बदलावा. नंतर फायरवॉलचा व हायपरवायझरचा कारभार बाहेरच्या जाळ्यावरून करतां येणार नाहीं, अशी तजवीज करावी. तिसरी गोष्ट सहज नजरेआड होते. आंतील एखादा आभासी संगणक बाहेरच्या जोडणीशीं थेट बांधलेला राहिला, तर फायरवॉल शाबूत असूनहि व्यर्थ. कालव्याचा भराव फोडून पाणी नेलें, तर दाराला कुलूप असून काय उपयोग?

वळशाच्या वाटेनें किती हानि होते, हें ऑगस्ट २०१८ मध्यें पुण्याच्या कॉसमॉस सहकारी बँकेवरील हल्ल्यांत दिसलें. एटीएमच्या व्यवहारांना मूळ यंत्रणेकडून मिळावयाची संमति बनावट यंत्रणेनें परस्पर दिली. एकंदर सुमारें ९४ कोटि रुपये गेले. बारामती-इंदापुराकडेहि उसाचें वजन, दुधाचा हिशेब आणि शेतकऱ्याची ठेव आज संगणकांतच नोंदलेली असते. तेव्हां भिंत उभी केल्यावर बाहेरच्या एखाद्या संगणकावरून आंत शिरण्याचा प्रयत्न संस्थेनें स्वतःच करवून पाहावा, नियमांची यादी वेळोवेळीं वाचावी, आणि कर्त्याकडून येणाऱ्या सुधारणा विनाविलंब बसवाव्यात.