एर्टहोल्मेने: किल्ल्यात वसलेलं गाव

बाल्टिक समुद्रातल्या बोर्नहोल्म बेटाच्या ईशान्येला सुमारे 18 किलोमीटरवर डेन्मार्कचा पूर्वेकडचा शेवटचा भूभाग लागतो: एर्टहोल्मेने. ग्रॅनाइटच्या या चिमुकल्या द्वीपसमूहात क्रिस्तियान्सो आणि फ्रेडरिक्सो या दोनच बेटांवर वस्ती आहे, तीही जेमतेम शंभरेक माणसांची. दोन्ही बेटं एका पादचारी पुलानं जोडलेली आहेत.

1684 मध्ये राजा पाचव्या क्रिस्तियाननं स्वीडनच्या आरमारावर नजर ठेवण्यासाठी इथे सागरी किल्ला बांधायला घेतला. 1855 मध्ये शिबंदी हलली, पण तटबंदी, बुरूज आणि तोफा राहिल्या. सैनिकांच्या जुन्या घरांत आज लोक राहतात. बेटं कुठल्याही नगरपालिकेत मोडत नाहीत. कारभार संरक्षण मंत्रालयाकडे आहे.

शेजारचं ग्रेसहोल्म मात्र पक्ष्यांसाठी राखीव आहे. तिथे माणसाला पाऊल ठेवायला बंदी आहे. तिथे गिलेमॉट या समुद्रपक्ष्याची मादी घरटं न बांधता उघड्या खडकावर एकच अंडं घालते. क्रिस्तियान्सोवर आयडर बदकं वाटेच्या कडेलाच, स्वतःच्या छातीची मऊ पिसं अंथरून अंडी उबवतात. म्हणूनच इथे कुत्री-मांजरं पाळता येत नाहीत. पक्ष्यांसाठी माणसानं स्वतःला घालून घेतलेली ही शिस्त आपल्या किनाऱ्यांनीही उचलावी अशीच आहे.