नगर पाहावे पाण्याच्या वाटेने

2024 च्या ऑक्टोबरमध्ये अधिसूचना निघाली, पुढे रेल्वे स्थानकावरची पाटीही बदलली आणि अहमदनगरचे अहिल्यानगर झाले. 2025 च्या मे महिन्यात अहिल्यादेवींच्या त्रिशताब्दीनिमित्त राज्याचे मंत्रिमंडळ चौंडीला बैठकीसाठी आले. त्यानंतर 11 जुलैला युनेस्कोने मराठ्यांच्या बारा किल्ल्यांना जागतिक वारशाचा मान दिला. त्या यादीत नगरचा भुईकोट नाही आणि यादीचा विषय पाहता तो असण्याचे कारणही नव्हते. नावावरून व्हायची ती चर्चा भरपूर झाली. मात्र नव्या नावाच्या स्थानकावर उतरणाऱ्या पाहुण्याला हे शहर कोण आणि कसे दाखवणार, हे अजून कोणी ठरवलेले नाही.

पाहुण्यांची या जिल्ह्यात वाण नाही. शिर्डी आणि शनिशिंगणापूरची गर्दी वर्षभर नगरच्या रस्त्यांवरून जाते. शहराच्या वेशीवरच अरणगावजवळ मेहेराबाद आहे. मेहेरबाबांच्या समाधीसाठी तिथे अमेरिका, इराण, ऑस्ट्रेलियातून माणसे येतात आणि मुक्काम ठोकतात. यातले फार थोडे लोक माळीवाडा वेशीतून आत शिरतात. जे शिरतात त्यांच्या हाती मोजकीच नावे असतात: किल्ला, रणगाडा संग्रहालय, चांदबीबी महाल. रिक्षा करायची, तिन्ही ठिकाणी फोटो काढायचे आणि संध्याकाळच्या गाडीने परतायचे. सव्वापाचशे वर्षांच्या राजधानीला एवढा वेळ पुरत नाही.

गंमत म्हणजे नगर हे पायी पाहण्यासाठीच वसवल्यासारखे शहर आहे. 28 मे 1490 रोजी निजामशाहीचा संस्थापक मलिक अहमदने बहमनी फौजेचा पराभव केला तो भिंगारजवळच्या मैदानात. जिथे विजय मिळाला तिथेच त्याने बाग आणि वाडा उभारला आणि 1494 मध्ये सीना नदीकाठी शहराची आखणी केली. म्हणजे आजचा किल्ला आधी राजाची बाग होता. मातीचा कोट दगडी झाला तो हुसेन निजामशहाच्या काळात, 1559 ते 1562 दरम्यान. त्यामुळे राजाचा कोट पूर्वेला आणि बाजारपेठ पश्चिमेला अशी इथली रचना झाली. मधले अंतर आजही रमतगमत अर्ध्या तासात कापता येते. शहराभोवती बागा, तलाव आणि रौझे पसरलेले होते. या निजामशाही वास्तुकलेवर पुण्याच्या आयसरमधील अभ्यासक पुष्कर सोहोनी यांनी 2018 मध्ये इंग्रजीत स्वतंत्र ग्रंथ लिहिला. नगरच्या वास्तूंना जगभरच्या अभ्यासकांपुढे नेणारे हे काम गावातल्या शाळा-महाविद्यालयांपर्यंतही पोहोचायला हवे.

किल्ल्याची कहाणी वाचकांना ठाऊक आहे, म्हणून थोडक्यात. सुमारे पावणेदोन किलोमीटरचा घेर आणि भोवती खंदक. 1595-96 मध्ये मोगलांनी सुरुंगाने तट उडवला, तेव्हा चांदबीबीने रातोरात खिंडार बुजवून घेतले. 1600 मध्ये ती स्वकीयांच्याच हातून मारली गेली आणि किल्ला पडला. 1803 च्या ऑगस्टमध्ये वेलस्लीने तो जिंकला. 1942 मध्ये काँग्रेस कार्यकारिणीचे बारा नेते इथे कैदेत आले. नेहरूंनी ‘डिस्कव्हरी ऑफ इंडिया’ आणि मौलाना आझादांनी ‘गुबार-ए-खातिर’ इथेच लिहिले. किल्ला लष्कराच्या ताब्यात आहे आणि नेत्यांच्या खोल्या जपलेल्या आहेत. बहुतेकांची भेट त्या खोल्यांपाशीच संपते. खंदकाकडे कोणी थांबून पाहत नाही.

खरे तर तिथेच थांबायला हवे. खंदकात पाणी आणायचे कुठून, हा नगरचा पहिला प्रश्न होता. सीना ही काही बारमाही भरून वाहणारी नदी नव्हे आणि हा मुलूख अवर्षणाचा. निजामशाहीने त्याचे उत्तर डोंगरांकडे पाहून शोधले. शहराच्या उत्तरेला आणि पूर्वेला जमीन चढत जाते. कापूरवाडी, वडगाव, शेंडी अशा गावांच्या बाजूला, डोंगरउतारावर मुरणारे पाणी विहिरींत धरायचे, तिथून जमिनीखालच्या बांधीव नहरींनी उताराच्या जोरावर शहराकडे न्यायचे, वाटेत हवा खेळावी आणि गाळ काढता यावा म्हणून उभी विवरे ठेवायची आणि शेवटी खापरी नळांनी हौदांत, बागांत, वाड्यांत सोडायचे. ना पंप, ना रहाट. मलिक अंबरने खडकीत, म्हणजे आजच्या छत्रपती संभाजीनगरात बांधलेल्या नहरीचे कौतुक महाराष्ट्रभर होते. नगरच्या नहरी त्याच्याही आधीच्या, तरी त्यांची नावे नगरच्याच शाळकरी मुलांना सांगता येत नाहीत.

हे पाणी समजले की विखुरलेल्या वास्तू एका सूत्रात येतात. सोलापूर रस्त्याच्या बाजूचा फराहबाग घ्या. मधोमध उभी असलेली ती उंच कमानींची अष्टकोनी वास्तू आज कोरड्या जमिनीवर दिसते. मुळात ती भल्यामोठ्या तलावाच्या मध्यभागी होती आणि तलाव नहरीच्या पाण्याने भरे. सावेडीकडच्या हश्त-बिहिश्त बागेचीही तीच योजना: पाण्यात अष्टकोनी महाल. आज त्याचे अवशेषच उरले आहेत. पाणी आटले, शहर वाढत गेले आणि या इमारतींचा अर्थच लोकांच्या नजरेआड झाला. नुसता फराहबाग पाहून परतणाऱ्याला पडकी इमारत दिसते. नहरीची हकिकत ऐकलेल्याला त्यातला तलाव दिसतो. मार्गदर्शकाचे काम नेमके हेच असते.

फराहबाग 1583 मध्ये पूर्णत्वाला गेला तो सलाबतखानाच्या देखरेखीखाली. नगरच्या इतिहासात या माणसाला त्याच्या वाट्याचे श्रेय कधी मिळालेच नाही. पहिल्या मुर्तझा निजामशहाचा तो मंत्री. शहा राज्यकारभाराला पाठ फिरवून एकांतात राहू लागला, तेव्हा कारभार याच मंत्र्याने सांभाळला. बागा, इमारती, तलाव यांवर त्याचा जीव होता. भातोडीचा तलावही त्याच्याच नावे सांगितला जातो. त्याने स्वतःसाठी थडगे बांधले ते शहराच्या पूर्वेला साधारण तेरा किलोमीटरवर, शाह डोंगराच्या माथ्यावर: तीन मजली, अष्टकोनी, कुठूनही नजरेत भरणारे.

याच इमारतीला सारे नगर ‘चांदबीबी महाल’ म्हणते. चांदबीबीचा या वास्तूशी संबंध नाही. तिचा पराक्रम किल्ल्याच्या तटावर घडला. तिचे स्मरण तिथेच व्हावे आणि डोंगरावर सलाबतखानाचे नाव ठळक अक्षरांत लागावे. पर्यटकांना खरी हकिकत सांगितली तर त्यांचा रस कमी होईल, अशी धास्ती अनेकांना वाटते. ती निराधार आहे. आपला राजा दाराआड कोंडून घेत असताना शहरासाठी बांधकामे करत राहिलेला मंत्री ही गोष्ट महालातल्या राणीच्या गोष्टीइतकीच जिवंत आहे, शिवाय खरी आहे.

जपानमध्ये किल्ल्याच्या आश्रयाने वसलेली अशी अनेक गावे आहेत आणि ती पायीच दाखवली जातात. नगर पडले त्याच 1600 साली तिकडे सेकिगाहाराची लढाई झाली. विजयी तोकुगावा इएयासूने आपल्या बाजूने लढलेल्या होरिओ घराण्याला इझुमो प्रांत दिला. त्यांनी मात्सुए हे गाव वसवले आणि 1611 च्या सुमारास तिथला लाकडी बालेकिल्ला पूर्ण केला. 1875 मध्ये सरकारने किल्ल्याच्या इमारती लिलावात काढल्या. बालेकिल्ल्याची बोली होती 180 येन. स्थानिक मंडळींनी तेवढे पैसे उभे केले आणि तो वाचवला. पुढे 1611 सालाचा उल्लेख असलेल्या जुन्या लाकडी पाट्या सापडल्या, बांधकामाचा काळ सिद्ध झाला आणि 2015 मध्ये बालेकिल्ला ‘राष्ट्रीय ठेवा’ ठरला. आज तिथे खंदकातून नावा चालतात, सामुराई वस्तीची गल्ली पायी पाहता येते आणि लाफकादिओ हर्न या लेखकाचे घरही त्याच वाटेवर लागते. किल्ला, खंदक आणि गाव यांचा तिथे एकच फेरफटका होतो. नगरकरांनी उचलावी ती हीच गोष्ट.

जपान लांब वाटत असेल तर अहमदाबाद आहे. तिथल्या महापालिकेने वास्तुतज्ज्ञ देबाशिष नायक यांच्या पुढाकाराने 19 नोव्हेंबर 1997 रोजी वारसाफेरी सुरू केली. सकाळी काळुपूरच्या स्वामिनारायण मंदिरापासून निघायचे आणि पोळ म्हणवणाऱ्या जुन्या वस्त्यांमधून चालत जामा मशिदीशी थांबायचे. मंदिर ते मशीद ही वाटच शहराचा स्वभाव सांगते. पाहुणे आपल्या गल्लीत येतात, जुन्या लाकडी कोरीवकामाकडे मान वर करून पाहतात, हे दिसल्यावर रहिवाशांचीही त्या घरांकडे पाहण्याची नजर बदलली. वीस वर्षांनी, 2017 मध्ये, अहमदाबाद हे जागतिक वारसा यादीत आलेले भारतातले पहिले शहर ठरले. मानांकनासाठी खटपट करावीच, पण आधी आपल्या गल्लीतून चालायला शिकावे, असा हा क्रम आहे.

नगरच्या गल्ल्यांत सांगण्यासारखे किती आहे! दिल्ली दरवाजाबाहेर नालेगावच्या बाजूला बागरौझा, शहराच्या संस्थापकाचे काळ्या दगडातले थडगे. किल्ल्याजवळची दमडी मशीद, 1567 ची, दगडावर इतके नाजूक कोरीवकाम की हात लावावासा वाटतो. तटबंदीच्या कामावरच्या मजुरांनी दमडी-दमडी जमवून ती बांधली, ही आख्यायिका. ती आख्यायिका म्हणूनच सांगावी. शाह शरीफ दर्गा, ज्यांच्या नावावरून मालोजीराजांनी आपल्या मुलांची नावे शहाजी आणि शरीफजी ठेवली, अशी परंपरा आहे. पुढे 1624 मध्ये भातवडीच्या लढाईत मलिक अंबरच्या बाजूने लढताना शरीफजी कामी आले, तेही याच परिसरात. भिंगारला आलमगीर, जिथे 1707 मध्ये औरंगजेबाने शेवटचा श्वास घेतला.

आणि सुलतानांचे दिवस सरल्यावरचे नगर? अमेरिकन मराठी मिशनने 1831 मध्ये इथे ठाण मांडले. सिंथिया फरार बाईंची मुलींची शाळा पाहायला जोतीराव फुले इथे आले होते. सावित्रीबाईंच्या शिक्षिका होण्याच्या प्रवासातही या बाईंचा वाटा सांगितला जातो. फरारबाई 1862 मध्ये नगरातच वारल्या. रेव्हरंड टिळक आणि लक्ष्मीबाई इथे राहिले, बालकवी त्यांच्या घरी आले. या साऱ्यांच्या मागोव्यावर आखलेली फेरी मराठी वाचकाला फराहबागेपेक्षाही जवळची वाटेल.

इतिहासप्रेमी नगरकर स्थापनादिनाच्या निमित्ताने फेऱ्या काढतात. त्यांच्या उत्साहावर हे सारे आजवर तगले आहे. परंतु वर्षातून एका दिवसाने शहर दिसत नाही. ठरलेली वेळ, ठरलेली वाट, तिकीट आणि प्रशिक्षित स्थानिक मुलेमुली एवढे तरी हवेच. महापालिका, पुरातत्त्व सर्वेक्षण आणि लष्कर एका टेबलाशी बसले तर महिन्यातून दोन रविवारांनी सुरुवात करता येईल. दोन वाटा पुरेत: एक माळीवाडा ते दिल्ली दरवाजा पेठेतली, दुसरी किल्ला, दमडी मशीद आणि फराहबाग अशी पाण्याच्या मागाने. मधल्या मुक्कामाला ऐतिहासिक वस्तुसंग्रहालय आहेच.

ज्या राणीने देशभर घाट, विहिरी आणि बारवा बांधल्या, तिचे नाव आता या शहराला आहे. तिच्या नावाने पुढचा निधी येईल तेव्हा त्यातला काही भाग नहरींचा नकाशा करण्यावर, विवरे बुजण्यापासून वाचवण्यावर खर्च व्हावा, ही मागणी नगरकरांनी आपल्या नगरसेवकांकडे आत्ताच करावी. वाचकांनीही वाट पाहत बसू नये. पावसाळा सरल्यावर एखाद्या रविवारी सकाळी लवकर माळीवाडा वेशीपासून चालायला लागा, किल्ल्यासाठी ओळखपत्र बरोबर ठेवा आणि सलाबतखानाच्या डोंगरासाठी दुपारनंतरचा वेळ राखून ठेवा.