मध्यरात्रींचा सोबती

न्यूयॉर्क शहरांत बॉब फास (१९३३–२०२१) नांवाचे एक गृहस्थ होऊन गेले. ‘डब्ल्यूबीएआय’ या नभोवाणी-केंद्रावरून त्यांनीं १९६३ सालीं मध्यरात्रींचा एक कार्यक्रम सुरू केला. त्याचें नांव ‘रेडिओ अननेमेबल’, म्हणजे ज्यास नांव देतां येत नाहीं असा! हें केंद्र जाहिरातींवर नव्हे, तर श्रोत्यांच्या वर्गणीवर चाले. तेथें फास यांस ठराविक सांचा नव्हता. गाणीं, गप्पा, युद्धविरोधी तरुणांचें म्हणणें, कोणाहि श्रोत्याचा दूरध्वनि, जें त्या रात्रीं सुचेल तें.

हा स्वैरपणा ऐकून आमच्यासारखे शिस्तीचे भोक्ते नाक मुरडतील. परंतु १९७१ सालीं एका श्रोत्यानें दूरध्वनीवरून सांगितलें कीं, आपण जीव देण्यासाठीं औषधें घेतलीं आहेत. फास त्याच्याशीं बोलत राहिले. त्याचा ठावठिकाणा लागेपर्यंत त्यांनीं संभाषणाचा धागा तुटूं दिला नाहीं. तो मनुष्य वाचला.

आखीव कार्यक्रमांत या संभाषणास अवसर कोठून मिळता? आमच्या एकत्र कुटुंबांत माणसें पुष्कळ असतात. परंतु अपरात्रीं कोणाचें दुःख ऐकणारा कान असतोच असें नाहीं. वाचकांनीं आपापल्या घरापुरतें एवढें अवश्य पाहावें.