निलंबन (सेवाविषयक कायदा)

निलंबन म्हणजे कर्मचाऱ्याविरुद्ध विभागीय चौकशी किंवा फौजदारी कारवाई चालू अथवा अपेक्षित असताना त्याला कर्तव्यापासून तात्पुरते दूर ठेवण्याची प्रशासकीय कृती होय. भारतीय कायद्यात असे निलंबन शिक्षा मानले जात नाही. मात्र ते लांबल्यास त्याचे परिणाम शिक्षेहून वेगळे राहत नाहीत. म्हणूनच न्यायालयांनी त्याच्या कालावधीवर व निर्वाह भत्त्यावर विशेष लक्ष ठेवले आहे.

स्वरूप
निलंबनकाळात सेवासंबंध कायम असतो. कर्मचाऱ्याला अन्यत्र नोकरी करता येत नाही आणि ठरवून दिलेले मुख्यालय परवानगीशिवाय सोडता येत नाही. महाराष्ट्र नागरी सेवा (शिस्त व अपील) नियम, १९७९ मधील नियम ४ अन्वये शासकीय कर्मचाऱ्याचे निलंबन होते. ४८ तासांहून अधिक काळ अटकेत राहिलेला कर्मचारी निलंबित झाल्याचे मानले जाते. यास ‘मानीव निलंबन’ म्हणतात.

निर्वाह भत्ता
राज्य शासनाच्या कर्मचाऱ्याला आरंभी अर्धवेतनी रजेच्या वेतनाइतका निर्वाह भत्ता मिळतो. पुढे विलंबास कोण जबाबदार आहे हे पाहून तो वाढविता किंवा घटविता येतो. औद्योगिक कामगारांसाठी १९४६ च्या स्थायी आदेश कायद्यातील कलम १०-अ ने पहिल्या ९० दिवसांसाठी वेतनाच्या ५० टक्के व त्यानंतर, विलंब कामगारामुळे नसल्यास, ७५ टक्के भत्ता ठरविला होता. २०२० च्या औद्योगिक संबंध संहितेतही हेच प्रमाण आहे.

अपराध सिद्ध झालेल्या कर्मचाऱ्यास अपील प्रलंबित असतानाही दरमहा केवळ १ रुपया भत्ता देणारी मुंबई नागरी सेवा नियमांतील तरतूद ‘महाराष्ट्र राज्य विरुद्ध चंद्रभान टाले’ (१९८३) या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने घटनाबाह्य ठरविली. ‘पॉल अँथनी विरुद्ध भारत गोल्ड माइन्स’ (१९९९) या खटल्यात भत्ता न मिळाल्याने कर्मचारी चौकशीच्या ठिकाणी पोहोचू शकला नव्हता. त्याच्या अनुपस्थितीत झालेली ती चौकशी न्यायालयाने दूषित ठरविली. अन्नाची सोय हिरावून बचावाची संधी दिल्याचे म्हणता येत नाही, हा या निर्णयाचा आशय होय.

कालमर्यादा
‘अजयकुमार चौधरी विरुद्ध भारत सरकार’ (२०१५) या निर्णयानुसार तीन महिन्यांत दोषारोपपत्र बजावले नाही, तर निलंबन त्यापुढे चालू ठेवू नये. बजावले असल्यास मुदतवाढीसाठी कारणांसह आदेश काढावा. त्यास अनुसरून महाराष्ट्र शासनाने ९ जुलै २०१९ रोजी शासन निर्णय काढला. केंद्रीय कर्मचाऱ्यांच्या बाबतीत ९० दिवसांच्या आत आढावा न घेतल्यास निलंबन आपोआप संपुष्टात येते, असे ‘भारत सरकार विरुद्ध दीपक माळी’ (२०१०) या खटल्यात ठरले.

न्यायालयीन पुनर्विलोकनाची व्याप्ती
न्यायालय चौकशी अधिकाऱ्याच्या जागी बसून पुराव्याचे फेरमूल्यमापन करीत नाही. निर्णय कसा घेतला गेला, हे ते तपासते. आदेश सक्षम प्राधिकाऱ्याचा आहे काय, त्यामागे आकस आहे काय, नैसर्गिक न्यायाची तत्त्वे पाळली काय आणि निष्कर्षाला काही पुरावा आहे काय, हे प्रश्न त्यात येतात. ‘बी. सी. चतुर्वेदी’ (१९९५) निर्णयानुसार शिक्षा न्यायालयाच्या विवेकबुद्धीला धक्का देण्याइतकी विषम असेल, तरच तीत हस्तक्षेप होतो. चौकशी अहवालाची प्रत देणे ‘करुणाकर’ (१९९३) निर्णयाने आवश्यक ठरविले. परंतु प्रत न दिल्याने प्रत्यक्ष हानी झाली काय, हेही पाहिले जाते.

दाद मागण्याची व्यवस्था
राज्य शासनाचे कर्मचारी सर्वसाधारणपणे विभागीय अपिलानंतर महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाकडे जातात. ‘एल. चंद्रकुमार’ (१९९७) निर्णयामुळे न्यायाधिकरणाच्या आदेशाविरुद्ध उच्च न्यायालयाच्या खंडपीठापुढे दाद मागता येते. खासगी शाळांतील कर्मचाऱ्यांना बडतर्फी, सेवासमाप्ती किंवा पदावनतीविरुद्ध १९७७ च्या कायद्यान्वये शाळा न्यायाधिकरणाकडे अपील करता येते.

निलंबन रद्द झाले म्हणजे आरोप मिटले असे नव्हे. कर्मचारी कामावर परततो आणि चौकशी पुढे चालू राहू शकते. निलंबनाचा काळ कर्तव्यकाळ मानावा काय व त्याचे किती वेतन द्यावे, याचा निर्णय सक्षम प्राधिकारी स्वतंत्र आदेशाने घेतो.