बारा वर्षं कसली, स्टे आणला, म्हणून जमीन आपली?

तालुक्याच्या कोर्टाबाहेर चहा पिताना हमखास ऐकू येतं, ‘बारा वर्षं आम्हीच कसतोय, आता जमीन आमची.’ हे बारा वर्षांचं गणित येतं 1963च्या मुदतीच्या कायद्यातून. पण ती कसणाऱ्याला दिलेली बक्षिसी नाही, मालकाला ताबा परत मागण्यासाठी घालून दिलेली मुदत आहे. ती संपेपर्यंत मालक गप्प राहिला, तर कलम 27 प्रमाणे त्याचा हक्कच संपतो. मोजणी मात्र नांगर घातल्या दिवसापासून होत नाही. ताबा मालकाच्या विरोधात गेला, उघडपणे आणि त्याचा हक्क नाकारून, त्या दिवसापासून होते; हाच ‘विरोधी ताबा’. जमीन सरकारी असेल तर मुदत 30 वर्षांची, त्यामुळे गायरानावर बारा वर्षांचा हिशेब सांगण्यात अर्थ नाही.

सगळ्यात जास्त घोटाळा भावाभावांत होतो. एक भाऊ मुंबईला गेला, दुसऱ्याने गावाकडे 40 वर्षं शेती राखली, पीकपाहणीला त्याचंच नाव. आता मुंबईकराचा हिस्सा बुडाला, असं गावही धरून चालतं. कायदा तसं मानत नाही. सामाईक जमिनीत एका सहहिस्सेदाराचा ताबा हा सगळ्यांच्या वतीने असतो. ‘तुझा यात काही संबंध नाही’ असं दुसऱ्याला कळेल अशा रीतीने ठणकावून सांगितलं, त्याला बाहेर ठेवलं आणि त्यानंतर 12 वर्षं गेली, तरच गोष्ट वेगळी. सर्वोच्च न्यायालयाने हे 1956 सालीच स्पष्ट केलंय. दिवाळीला तांदळाचं पोतं मुंबईला जात होतं, हा पुरावा तर गावच्या भावाच्या थेट विरोधात जातो. आणि सातबारा? त्यावरची नोंद खरी समजावी, पण उलट सिद्ध होईपर्यंतच, असं जमीन महसूल संहितेचं कलम 157 सांगतं. तलाठ्याने नाव लावल्याने मालकी जन्माला येत नाही.

परवानगीने राहणाऱ्याचंही तसंच. गोव्यातल्या एका घराच्या वादात बहिणीच्या घरात राहणारा भाऊ ताब्याच्या जोरावर मनाई मागत होता. 2012 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की राखणदार, नोकर किंवा मालकाच्या वतीने घर सांभाळणारा कितीही वर्षं राहिला तरी त्याला हक्क मिळत नाही. कुळाचं प्रकरण निराळं. त्याचा हक्क 1948च्या कुळकायद्यातून येतो, त्याची सरमिसळ इथे करू नये.

‘जमीन वडिलोपार्जित आमचीच, आणि नसली तर विरोधी ताब्याने आमची’ हाही आवडता पवित्रा. तो अंगाशी येतो. विरोधी ताबा सांगायचा म्हणजे मालक समोरचा आहे हे आधी कबूल करावं लागतं. शिवाय ताबा कधी घेतला, कसा घेतला, मालकाला केव्हा कळलं, हे दाव्यातच लिहावं लागतं.

आता स्टे. वकील ज्याला ‘निशाणी 5’ म्हणतात तो तूर्तातूर्त मनाईचा अर्ज. त्यात न्यायाधीश तीनच गोष्टी पाहतात: प्रथमदर्शनी बाजू आहे का, मनाई न दिल्यास जास्त गैरसोय कोणाची, आणि होणारं नुकसान पैशाने भरून निघणारं आहे का. मालक कोण, याचा निकाल तिथे लागत नाही. हुकूम मिळाला की पेढे वाटणारे लोक असतात. दाव्याचा शेवटचा निकाल लागेपर्यंतच तो टिकतो, आणि त्याआधी अपिलातही उठू शकतो. मालकीवरच वाद असेल, तर नुसता मनाईचा दावा पुरत नाही, मालकी ठरवून मागावी लागते. विरोधी ताबा ही फक्त बचावाची ढाल आहे, हा समज मात्र आता जुना झाला. 2019 मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या तीन न्यायमूर्तींच्या पीठाने ठरवलं की 12 वर्षं पूर्ण झालेला ताबेदार त्या आधारे स्वतः दावाही लावू शकतो.

मालकाच्या बाजूचे गैरसमज कमी नाहीत. ‘जमीन माझी, रात्रीत जेसीबी घालतो’ हे चालत नाही. स्थिरावलेला ताबा मालकानेही कायदा हातात घेऊन काढता येत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाच्या 2003 च्या निकालाने पक्कं केलं. बळजबरीने काढलेला माणूस सहा महिन्यांत दावा लावून, मालकीचा प्रश्न न काढता, ताबा परत मिळवू शकतो.

आणि वकिलाची नोटीस पाठवली किंवा पोलिसांत तक्रार दिली म्हणजे मुदत थांबली, असंही नाही. ती थांबते ताब्याचा दावा लावल्यावर. कब्जेदाराने आणलेला स्टे मालकाला असा दावा लावण्यापासून अडवत नाही. तरीही कित्येक मालक ‘केस चालूच आहे की’ म्हणून निवांत राहतात. दुसऱ्याच्या दाव्यात नुसती कैफियत देणं म्हणजे ताबा मागणं नव्हे. त्यासाठी स्वतंत्र दावा किंवा प्रतिदावा हवा, आणि तोही 12 वर्षं भरण्याआधी.