नगरचा ‘खलनायक’

बालमित्रांनो, आज घरी गेलात की आईबाबांना एक प्रश्न विचारा, “तुम्हाला सदाशिव अमरापूरकर आठवतात का?” बाबा बहुधा डोळे मोठे करून म्हणतील, “बाप रे! काय भीती वाटायची त्यांची!”

तर हे भीतीदायक गृहस्थ आपल्या नगरचे बरं का! ११ मे १९५० ला इथंच त्यांचा जन्म झाला. मूळ नाव गणेशकुमार. ‘सदाशिव’ हे नाव त्यांनी नाटकासाठी घेतलं. जवळची माणसं मात्र ‘तात्या’ म्हणायची. नाटकाचं वेड नगरमध्येच लागलं. पुढं मुंबईत ‘हँड्स अप’ या मराठी नाटकात काम करताना दिग्दर्शक गोविंद निहलानी यांनी त्यांना पाहिलं आणि ‘अर्धसत्य’ (१९८३) या चित्रपटात रामा शेट्टीची भूमिका दिली.

आता गंमत पाहा. रामा शेट्टी सिनेमात फार थोडा वेळ दिसतो. ना आरडाओरडा, ना मारामारी. नुसता शांतपणे बोलतो, आणि समोरच्याला घाम फुटतो! (वर्गात छडी आपटणाऱ्यांपेक्षा हळू बोलणाऱ्या बाईंची भीती जास्त वाटते की नाही? तसंच.) या भूमिकेला फिल्मफेअर पुरस्कार मिळाला. पुढं ‘सडक’ (१९९१) साठी आणखी एक मिळाला. फिल्मफेअरनं खलनायकासाठी वेगळा पुरस्कार सुरू केला, तो सर्वांत आधी यांनाच! पण हाच माणूस ‘२२ जून १८९७’ मध्ये लोकमान्य टिळक झाला आणि दूरदर्शनच्या ‘भारत एक खोज’ मध्ये महात्मा फुले!

पडद्यावर लोकांना छळणारे तात्या प्रत्यक्षात कसे होते? अंधश्रद्धा निर्मूलनाच्या कामात ते असत. नगरच्या ‘स्नेहालय’ संस्थेशीही त्यांचं नातं होतं.

मला स्वतःला त्यांची एक गोष्ट फार लागून राहिली आहे. मार्च २०१३. महाराष्ट्रात भीषण दुष्काळ. आपल्या जिल्ह्यात गावोगावी बायाबापड्या हंडे घेऊन टँकरची वाट बघत होत्या. तुमच्यातल्या कोणाच्या आजीनं ते दिवस नक्की काढले असतील. आणि तिकडं मुंबईत, तात्यांच्या घराजवळ, होळीच्या सणाला पाण्याचा नुसता धो धो पाऊस पाडणं चाललं होतं! तात्यांना राहवेना. बासष्ट वर्षांचे तात्या एकटेच गेले आणि म्हणाले, पाणी वाया घालवू नका. लोकांनी ऐकलं तर नाहीच, उलट त्यांनाच धक्काबुक्की केली. सिनेमात शंभर गुंडांना नाचवणारा माणूस, पण तिथं त्यांच्या बाजूनं कोण होतं?

दुसऱ्या दिवशी पेपरात ते वाचलं, तेव्हा आमच्या शाळेच्या टाकीतही पाणी नव्हतं.

त्याच वर्षी ‘बॉम्बे टॉकीज’ मध्ये ते पडद्यावर दिसले. ३ नोव्हेंबर २०१४ ला मुंबईत त्यांचं निधन झालं. अंत्यसंस्कारासाठी तात्यांना नगरलाच आणलं.